मुक्या चित्रफितीत मिलिंद काय म्हणाला

मी पायदळात सतरा वर्षं काढली, हवालदार म्हणून निवृत्त झालो. उत्तरेकडच्या एका बर्फाळ पोस्टवर असताना कंपनीने माझ्या हाती कॅमेरा दिला. गस्तीची नोंद ठेवायची, एवढंच काम. मला मात्र त्याची भलतीच हौस लागली.

गेल्या महिन्यात गोरेगावच्या शाळेत जुन्या मुक्या वार्तापटांचा कार्यक्रम होता. पडद्यावर बाजार भरला, धक्क्याला बोट लागली, मग पहिल्या महायुद्धातले सैनिक चालत आले. त्यातला एकजण आमच्याकडे बघून काहीतरी बोलला. इतिहासाचे सर म्हणाले, “कॅमेरावाले यांना पुष्कळदा पुन्हा पुन्हा चालायला लावत.” पोरं हसली. मला मान वर करवेना.

शेजारी सुजाता वहिनी बसल्या होत्या. कनेरगाव नाका या गावच्या मिलिंदच्या पत्नी. मिलिंद माझ्या सेक्शनमध्ये, म्हणजे आमच्या दहाजणांच्या तुकडीत, नाईक होता. त्याची शेवटची चित्रफीत मीच काढली. थंडीने माइक गेला होता, म्हणून तीही मुकीच.

त्या दिवशी सव्वाअकराला गस्त परतली. बर्फाचा उतार दोर धरून एकेकाने ओलांडायचा होता. मिलिंद शेवटी आला, मान खाली घालून. चेहरा दिसलाच नाही.

मी म्हणालो, “मागं जा. तोंड वर करून पुन्हा ये.”

तो वर बघून मला एक वाक्य बोलला, हसला, वळला. तो अर्ध्यावर असताना बर्फ सुटला.

“वन मॅन मिसिंग. ओव्हर,” रेडिओवर मीच सांगितलं.

तळावरून उत्तर आलं, “रॉजर. शोध चालू ठेवा. ओव्हर.”

दोन वाजता तो सापडला. श्वास नव्हता.

चौकशीत मी सांगितलं, तो दोर तपासायला मागे गेला. वळल्यानंतरचा भाग मी पुसून टाकला. उरलेली चित्रफीत वहिनींना नेऊन दिली आणि त्यांच्या हातचा चहा प्यालो. त्या चहाची मला आजही लाज वाटते.

कार्यक्रम संपल्यावर शाळेच्या ओट्यावर वहिनींनी मिलिंदची ती चित्रफीत लावून मोबाइल पुढे केला. “भाऊजी, हे काय म्हणून राहिले? बारा वर्षं झाली, ओठ हलतेत, पर कळत न्हाई.”

“वहिनी, तो दोर पाहायला गेला न्हाई. मीच धाडलं त्याला. चेहरा दिसावा म्हणून.”

त्यांनी मोबाइल तसाच पुढे धरून ठेवला. मग म्हणाल्या, “ते न्हाई इचारलं मी. काय म्हणले ते सांगा.”

“‘दादा, एकदा आलो की. आता काहून पुन्हा?’”

वहिनींनी चित्रफीत पहिल्यापासून लावली. “त्यांचे ओठ हलले की म्हणा.”

मिलिंदचे ओठ हलले आणि मी बोललो. त्यांनी ती पुन्हा लावली.