केसांचा आल्बम

शहाऐंशी साली, व्हर्जिनियात शिकताना, मी एका म्हाताऱ्या बाईंच्या घरी भाड्यानं राहायचे. त्यांचे पूर्वज तिथले बडे जमीनदार. एका दुपारी त्यांनी घराण्याचा आल्बम उघडला. त्यात फोटो नव्हते, केस होते! मेलेल्या माणसांच्या, रिबिनीनं बांधलेल्या बटा आणि प्रत्येकीखाली नाव.

"तुझ्या वेणीतली एक बट दे, आठवण म्हणून," म्हणत त्यांनी कात्री उचलली.

आमच्याकडे गळलेला केससुद्धा परक्याच्या हाती लागू देत नाहीत. करणी करतात म्हणे. इंजिनिअर झाले तरी ती भीती गेली नव्हती. वेळ काढायला मी एका काळ्या, कुरळ्या बटेवर बोट ठेवलं. तिच्याखाली मात्र नाव नव्हतं.

"ही कुणाची?"

"आमच्या पूर्वजांच्या गुलाम स्वयंपाकिणीची."

"तिनं स्वतःहून दिली होती?"

बाईंनी आल्बमचं पान उलटलं. कात्री मात्र त्यांनी खाली ठेवली नाही.