मडगार्डावर बसलेले

नगरच्या आमच्या हॉस्पिटलात दुखापतींना नोंदीसाठी कोड लावायचं काम एका कारकुनाकडे आहे. शेतात ट्रॅक्टर उलटला तर चालवणाऱ्याचा कोड वेगळा, बाहेर बसलेल्याचा वेगळा. डॉक्टरांच्या अक्षरावर त्याचा विश्वास नाही. तो थेट खाटेपाशी जाऊन विचारतो, "कुठं बसला हुता?"

"मडगार्डावर."

"मडगार्ड काय बसायला असतंय व्हय?"

पाय मोडलेल्या माणसाला हे ऐकवू नये, असं मला वाटायचं.

परवा त्याचे वडीलच दाखल झाले. कपाळाला पट्टी बांधलेला तो नेहमीसारखा खाटेपाशी गेला. "आबा, कुठं बसला हुता?"

"तुझ्याच शेजारी की. तूच म्हनला, बसा मडगार्डावर."

त्यानं ते लिहून घेतलं. मग स्वतःचा केसपेपर काढला आणि त्यावर चालवणाऱ्याचा कोड टाकला.