भुलाबाईशेजारचा मास्तर

माझी नात नऊ वर्षांची असताना पुण्याहून माझ्याकडे बाभुळगावला राहायला आली. तिचा बाप, माझा जावई, दुपारी जेवून उठला आणि हात धुता धुता गेला. तब्येत चांगली होती. डॉक्टरही काही सांगू शकले नाहीत. माझ्या मुलीला नोकरी सोडता येईना, म्हणून पोरगी माझ्याकडे. मी चौथीपर्यंत शिकले. समजूत कशी घालतात ते मला कधी जमलं नाही. मी तिला वेळेवर जेवायला वाढलं, तिच्या वेण्या घातल्या.

मग तिनेच आपली समजूत घालणारा एक जण तयार केला. सगळा तिच्या डोक्यातून निघालेला. आकाशाएवढा मोठा, सगळ्या ताऱ्यांच्या आधीचा, आई नाही, बाप नाही. काम एकच, विचार करायचा. मी तूर निवडत बसले की ती त्याचं म्हणणं मला सांगे. वेळ नदीसारखा वाहून जात नाही, तळ्यासारखा साचतो. आपण काठाने पुढे चालत राहतो, म्हणून मागचं दिसेनासं होतं. आणि काही तारे बाहेरून चांगले दिसतात, पण आतून डगमगत असतात. ते कधी फुटतील हे त्यालाही सांगता येत नाही. त्यात ताऱ्याची चूक नसते.

"एवढं शिकवते तं पगार किती त्याले?" मी विचारलं.

"त्याला पगार नाही, आजी."

"मंग कायचा मास्तर?"

पण त्या दिवसापासून आम्ही दोघी त्याला मास्तरच म्हणू लागलो.

भादव्याच्या पुनवेला गल्लीत भुलाबाई बसल्या. महिनाभर रोज संध्याकाळी पोरी पाळीपाळीने एकेका घरी जमून गाणी म्हणतात. गाणी झाली की त्या घरची पोरगी बंद डब्यातला खाऊ वाजवून दाखवते. बाकीच्यांनी तो ओळखायचा, मग वाटायचा. नातीने हे कधी पाहिलं नव्हतं. मी मातीचे भुलाबाई-भुलोजी, म्हणजे पार्वती-शंकर, आणून मांडले, तर हिने अंगणातली माती कालवून मास्तर केला. दुधीएवढं डोकं, त्यावर तीन डोळे. आणि नेऊन बसवला भुलाबाईच्या मांडीला मांडी लावून.

पहिल्याच दिवशी मांडणी पाहायला आलेल्या पोरी खिदळल्या. त्यांच्यातली सगळ्यात आगाऊ म्हणाली, "हा कोन वं? भुलाबाईचा दुसरा नवरा?"

शेजारीण माझ्याच वयाची. तीही म्हणाली, "अवो बाई, देवापाशी राक्षस कायले बसवला? उचल त्याले."

"बसू दे," मी म्हणाले. "तुह्या घरी तुहा बुढा दिवसभर बसून राह्यते, त्याले कोनी उचललं काय?"

मास्तर तिथेच राहिला, पण नात त्यानंतर कोणाच्या दारात गेली नाही. बाहेर गाणी ऐकू आली की आतल्या खोलीत जाऊन बसे. मास्तरही काही बोलेनासा झाला. ते मला आवडलं नाही.

आमची पाळी आली त्या दिवशी ती सकाळपासून एकच म्हणत होती, "कोणी येणार नाही, आजी. खाऊ करू नकोस."

"नाही आल्या तं आपन खाऊ. ये इकडे."

मी कढई तापवली. ज्वारीला आधीच पाण्याचा हात लावून ठेवला होता. मूठभर दाणे टाकले आणि फडक्याच्या बोळ्याने हलवू लागले. पहिला दाणा उडाला तो थेट तिच्या कपाळाला लागला. ती वाकून पाहत राहिली. दाणे सगळे सारखेच दिसत होते. कोणता आधी फुटेल ते सांगता येत नव्हतं.

"आजी, हे मास्तरचे तारे आहेत."

"असतीन. तोंड मांगं घे, डोयात जाईन."

ती रडली. बाप गेल्यापासून पहिल्यांदा. मी लाह्या हलवत राहिले, नाहीतर जळाल्या असत्या. एक हात मोकळा होता, तो तिच्या पाठीवर ठेवला.

संध्याकाळी पोरी आल्या. खाऊ कोण सोडतं? गाणी झाली, नातीने तिखटमीठ लावलेल्या लाह्यांचा डबा हलवला. आवाज जेमतेम.

"गोड का तिखट?"

"तिखट."

"शेव!"

"नाही."

"चिवडा! शेंगदाने! पापड्या!"

"नाही."

"हारलो बा," ती आगाऊ पोरगी म्हणाली. "पुन्याची मॅडम, कायतरी पुन्याचंच केलं असंन तू."

मला वाटलं, आता ही आत पळते. पण तिने मास्तरकडे बोट केलं.

"हा काय सांगतो ते ऐका. छोटे छोटे तारे होते. सगळे सारखे. आतून डगमगत होते. खूप गरम झालं आणि एकेक फुटला. फुटल्यावर पांढरा झाला. आधीपेक्षा मोठा."

पोरी एकमेकींकडे पाहू लागल्या. मग ती आगाऊ पोरगीच ओरडली, "लाह्या! लाह्या वं माय!"

डबा उघडला. पोरींनी ओंजळी भरभरून घेतल्या. आगाऊ पोरगी खाता खाता मास्तरपुढे उकिडवी बसली.

"अजून काय काय मालूम हाय वं याले?"

नात तिला तळ्याचं सांगू लागली. मी पाणी द्यायला उठले, त्यामुळे सगळं ऐकलं नाही. निघताना त्या पोरीने चपलेत पाय घातला आणि मागे वळून म्हणाली, "उद्या आमच्या घरी हाय. ये. अन् याले पन आन."

नातीने माझ्याकडे पाहिलं.

"ताटलीत ठेवून ने," मी म्हणाले. "मान कच्ची हाय त्याची. पडली तं माह्या नावानं रडशीन."