आप्पांची साखळी

आमचे आप्पा गिरणीत मागावर कामाला होते, पण सोलापुरात त्यांना ओळखत ते पकडीचे मास्तर म्हणून. गिरणीच्या कबड्डी संघाला चढाई शिकवणारे गृहस्थ वेगळे होते. ते पांढरी पँट घालत आणि फोटोत मधोमध बसत. आप्पांकडे फक्त पकड. समोरचा गडी आपल्या अंगणात आला की तो परत जाता कामा नये, एवढंच त्यांचं काम, आणि त्यापायी त्यांनी घरात सगळ्यांना अगदी नको नको करून सोडलं होतं.

आमची आई, अव्वा, कळशी घेऊन निघाली की हे तिच्या पायांकडे बघत. मला कापड घ्यायला म्हणून नवी पेठेत नेत आणि दुकानाच्या पायरीवरून गर्दीचे गुडघे न्याहाळत राहत. "आता त्यो टोपीवाला डावीकडं वळतोय बघ," म्हणत, आणि टोपीवाला वळे. अव्वा कानडीत "सुम्मनिर्री" म्हणून त्यांना गप्प करी. मला मात्र त्यांचा भारी अभिमान होता. माझ्या वर्गातल्या कुणाच्याच बापाला माणूस कुठं वळणार ते आधी कळत नव्हतं.

साखळी ही त्यांची खास विद्या. दोघा-दोघांनी हात गुंफायचे, कोपऱ्यातल्यानं घोटा धरायचा आणि मग सगळ्यांनी मिळून झाकून टाकायचं. सरावाला ते स्वतःच चढाई करत, कबड्डी कबड्डी म्हणत पोरांच्या साखळीत शिरत. नियम एकच घोकून घेत. आवाज थांबेस्तोवर हात सुटता कामा नये. दम चालू आहे तोवर गडी जिवंत, आणि त्याचं बोट मधल्या रेषेला लागलं तर धरणारे सगळे बाद. त्या खेळात 'जिवंत' हा शब्द आम्ही किती सहज वापरत होतो, ते आठवलं की आता अंगावर काटा येतो.

दुष्काळ सरल्यानंतरचा हिवाळा होता. गिरणीच्या मैदानावर अकलूजकडचा एक संघ आला होता, आणि त्यांच्यात वेळापूरच्या बाजूचा एक मेंढपाळाचा मुलगा होता. उंच, काटक, पायात नुसता वारा. आप्पांनी पहिल्या डावात त्याला काहीच केलं नाही, फक्त बघत बसले. दुसऱ्या डावात त्यांनी कोपऱ्यातल्याला डोळ्यानं खूण केली आणि पुढच्याच चढाईत साखळी बंद झाली.

मी पुढंच बसले होते, म्हणून सांगते. सात जणांच्या खाली तो दिसत नव्हता, नुसता ऐकू येत होता. कबड्डी, कबड्डी. एक हात बाहेर होता, रेषेपासून वीतभर लांब. आवाज चिरका झाला, तुटक झाला, पण थांबेना. लोक उठून ओरडत होते. पंच कान देऊन वाकले होते; दम चालू होता, त्यांनी तरी शिट्टी का वाजवावी? सगळ्यांना वाटलं, काय चिवट गडी आहे. मलाही तेच वाटलं. मग आवाज बंद झाला, शिट्टी झाली, पोरं उठली. तो उठला नाही. त्याची मान भलत्याच बाजूला होती आणि डोळे उघडे होते.

दवाखान्यात तो दोन-चार दिवसांत गेला. खेळ नियमानं झाला होता, कुणी कुणाला बोल लावला नाही. उलट चढाईच्या मास्तरांनी घरी येऊन आप्पांची पाठ थोपटली. "साखळी मात्र बिनतोड," म्हणाले. चहाचा कप त्यांच्या डोक्यात घालावा असं मला वाटलं.

त्यानंतर आमच्या घरात तो आवाज राहायला आला. शेजारी पद्मशाली विणकरांचे माग चालत, त्या खटखटीत आप्पांना तो ऐकू येई. जेवता जेवता हात थांबे. "कोण म्हणतंय गं?" मी म्हणे, "कुणी न्हाय, आप्पा." पण खोटं बोलत होते मी. नळाला पाणी यायच्या आधी जी धाप लागल्यागत हवा येते, त्यात मलाही तो ऐकू येत होता, आणि मी हंडा तसाच टाकून आत पळत होते.

आप्पांना कुणीतरी दोष द्यायला हवा होता. शेवटी ते वेळापूरला निघाले, आणि एकटं सोडायला नको म्हणून अव्वानं मला बरोबर धाडलं. शिव्या खायलाच चाललो होतो आम्ही.

वस्तीवर त्या मुलाचा म्हातारा बाप मेंढरांभोवती लावलेल्या जाळीच्या वाघरीपाशी बसला होता. आप्पांनी कोण, कुठले ते सांगितलं. त्यानं शिवी दिली नाही. आम्हाला घोंगडं अंथरून दिलं, चहा ठेवायला सांगितला. चहा झाल्यावर म्हणाला, "म्या त्येचा ख्योळ कदी बगितला न्हाय. कसं धरलं हुतं, तेवडं दावा."

आप्पा माझ्याकडे बघायला लागले. म्हातारा उठून उभा राहिला, पागोटं काढून ठेवलं. मग आप्पांनी मागून त्याच्या कमरेला हात घातले, बोटं गुंफली आणि गुडघ्यानं त्याचा पाय अडवला. हलक्या हातानं धरलं होतं, तरी म्हातारा जागचा हलू शकला नाही. त्यानं एकदा हिसडा देऊन बघितला.

"ह्यातनं सुटता येतंय का?"

"न्हाय," आप्पा म्हणाले. मग म्हणाले, "दम सोडला की आमी सोडतो."

"सोडायचा, येवडंच?"

"व्हय. गडी बाद हुतो, दुसरं काय न्हाय."

म्हातारा मेंढरांकडे बघत होता. "मंग त्येला सांगायचं हुतं की, सोड म्हून."

"त्यो आमच्याकडचा नव्हता," आप्पा म्हणाले.

"पोरगंच हुतं की," म्हातारा म्हणाला.

तो रागानं बोलला नव्हता. आप्पांनी त्याच्या पाठीला कपाळ टेकलं आणि तसेच उभे राहिले. मी जवळ गेले आणि आप्पांची गुंफलेली बोटं एकेक करून सोडवू लागले. ती थंडगार होती आणि काही केल्या उलगडत नव्हती.