पदरातलं कुर्डू

भडगावात माझ्या बसस्टँडच्या वाटेवर ती अक्का राहायची. नाव कधी विचारलं नाही. जन्मभर ती लोकांच्या कपाशीत निंदणीला गेली, कुर्डूचं तण उपटत राहिली आणि त्याचंच पिकलेलं बी पदराच्या गाठीत बांधून घरी आणत राहिली. दर पावसाळ्यात ते अंगणात पेरायची. गुलाबी तुरे उभे राहिले की तिथं विळ्याला मज्जाव.

गेल्या वर्षी मुलानं सगळं उपटून पांढरीफटक फरशी ठोकली. ओट्यावर बसून पदराची गाठ चाचपत ती मला म्हणाली, "बठ्ठं निंदी टाकं. आते मना नंबर शे." सगळं निंदून झालं, आता पाळी तिची.

यंदा ओटा रिकामा दिसला. "अक्का कुठंय?" मी सुनेला विचारलं.

फरशीवर पाणी मारत ती म्हणाली, "लेकीकडे धाडलं. आता कसं मोकळं वाटतं ना?"