बाप्पा, अजून दोन डिग्री

अमेरिकेत, ॲरिझोनातल्या आमच्या चँडलरमध्ये उन्हाळ्यात ‘काय गरम होतंय’ असं फक्त नवी माणसं म्हणतात. जुनी गपचूप एसी वाढवतात. आमचे प्रल्हादकाका तीस वर्षं इथे राहून दिवसभर तेच म्हणतात आणि तेही खुशीत. कारण रिटायर झाल्यापासून ते उन्हावर पैसे लावतात.

रोज त्यांच्या फोनवर एक प्रश्न येतो: आज फीनिक्सच्या विमानतळावर पारा अमुक डिग्रीपर्यंत जाईल का? काका ‘हो’ किंवा ‘नाही’ विकत घेतात; बरोबर निघालं तर पैसे वाढतात, चुकलं तर बुडतात. याला जुगार म्हटलेलं त्यांना खपत नाही. “अगं, हे प्रेडिक्शन मार्केट आहे. जुगाराला नशीब लागतं, इथे डेटा लागतो,” असं त्यांनी मला भर हळदीकुंकवात समजावलं होतं. दिवाळीत तीनपत्ती खेळणाऱ्यांना पाहून नाक मुरडणारे हेच ते गृहस्थ.

एवढा विद्वान फुकटात मिळाल्यावर आमचं गणेशोत्सव मंडळ त्याला सोडतंय होय? विसर्जनाच्या मिरवणुकीचा नियमच होता: पारा एकशे दहा फॅरनहाइटला, म्हणजे भारतातल्या त्रेचाळीसला, जाणार असेल तर मिरवणूक रद्द, सगळा कार्यक्रम हॉलमध्ये. जाणार की नाही, हे सांगायचं काम काकांकडे आलं. म्हणजे मांजरालाच दुधाच्या राखणीला बसवलं.

लेझीम पथकात सगळ्यांत पुढे त्यांच्याच पत्नी, उत्तराकाकू. पुढच्या महिन्यात त्यांच्या दोन्ही गुडघ्यांचं ऑपरेशन होतं आणि त्यानंतर लेझीम बंद, असं डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं. यंदाची मिरवणूक शेवटची म्हणून काकूंनी उन्हाळाभर आम्हा बायकांना गॅरेजमध्ये घाम गाळायला लावला. मी दुसऱ्या रांगेत होते.

विसर्जनाच्या सकाळी मंडळाचे अध्यक्ष राजीव यांनी विचारलं, “काका, फायनल काय?”

“एकशे दहा. लिहून घे.”

मिरवणूक कॅन्सल झाली. काकू नऊवारी नेसून हॉलमध्ये खुर्च्या मांडू लागल्या. माझाच संताप संताप झाला.

दुपारी आभाळ भरून आलं. वाराही सुटला. पारा एकशे आठवर अडकून बसला.

“वेदर तर मस्त आहे यार काका,” राजीव म्हणाले. “निघायचं का?”

“छे छे! चढणार अजून. थांब जरा.”

बोलताना त्यांची नजर फोनवर होती. फोनवर काय होतं ते शेजारी उभ्या असलेल्या मला स्वच्छ दिसलं. ‘एकशे दहा किंवा जास्त’ यावर काकांनी ‘हो’ घेऊन ठेवलं होतं.

आरती झाली. हॉलमधली निम्मी माणसं बाप्पाकडे ग्रीन कार्ड मागत होती, उरलेली मुलांची ॲडमिशन. काकांनी डोळे मिटून, हात जोडून, अगदी मनापासून म्हटलं, “बाप्पा, अजून दोन डिग्री.”

काकू शेजारीच होत्या. त्यांनी आरतीचं तबक माझ्या हातात दिलं आणि लेझीम उचलली. “चला गं,” एवढंच म्हणाल्या आणि दार उघडून बाहेर पडल्या. आम्ही मागोमाग निघालो. ढोल निघाले, बाप्पा निघाले. आपण आणि काका दोघेच हॉलमध्ये उरणार हे लक्षात आल्यावर अध्यक्षांनीही मिरवणुकीला परवानगी दिली.

काकू नाचल्या! गुडघ्यांना पट्टे बांधलेली ती बाई अशी नाचली की मागे आमची दमछाक झाली. मध्येच ढग पांगले. खालचा डांबरी रस्ता चपलांमधून चटके देऊ लागला, पण काकूंचा ताल चुकला नाही. मला रडू येत होतं आणि पाय थांबत नव्हते.

मिरवणूक संपली तेव्हा काकू झाडाखाली बसून डोक्यावर पाणी ओतून घेत होत्या. तेवढ्यात हॉलमधून काका धावत आले.

“उत्तरा! झालं बघ! एकशे दहा! मी सांगितलं नव्हतं?”

“हो का? म्हणजे त्यातच नाचले मी.” काकू हसल्या. मग पदराने तोंड पुसत त्यांनी विचारलं, “कशी झाली हो लेझीम?”

काकांनी फोन खिशात टाकला. मग माझ्याकडे वळून हळूच म्हणाले, “कोणी व्हिडिओ काढलाय का गं?”

व्हिडिओ निम्म्या मंडळाने काढला होता. काकूंनी ते विचारलं नव्हतं.