प्रश्न कापणारा

माहितीपटात खाणीतली बाई घडाघडा बोलते, तुम्ही डोळे पुसता, टाळ्या वाजवून घरी जाता. तिला बोलतं कुणी केलं, हे कधी विचारलंत?

बोलतं करणारी दुसरीच एक बाई होती. कॅमेऱ्याशेजारी जमिनीवर फतकल मारून बसायची आणि समोरच्याच्या पोटात शिरून प्रश्न विचारायची. त्या चित्रणाची काटछाट तिचा नवरा करायचा, म्हणून सगळे त्याला 'कात्री' म्हणत. कात्रीचा नियम एकच : उत्तर ठेवायचं, प्रश्न उडवायचा. ज्याचं दुखणं, त्याचाच आवाज.

"घरात माझं तोंड बंद करता येत नाही, म्हणून इथे सूड उगवतोस होय रे?" ती त्याच्या खुर्चीमागे उभी राहून म्हणायची.

"घरी ऐकतो ना सगळं! इथे तरी शांतता मिळू दे, माझे आई."

फिल्म पुरी झाली की कात्री मूळ चित्रणाची डिस्क पुसून टाकायचा. पुढच्या फिल्मला जागा नको? चळवळीच्या फिल्मांना नव्या डिस्का कोण देतो!

मग साध्या तापाचं निमित्त झालं आणि ती गेली. लेक लहान. वर्ष सरल्यावर एकदा जेवताना तिने हातातला घास तसाच धरला.

"बाबा, आई कशी बोलायची? मला आठवतच नाहीये."

"थांब, ऐकवतो."

आवाजातच जन्म गेलेला माणूस! त्याला वाटलं, चुटकीसरशी काढू. एकेक फिल्म लावली. गटारात उतरणारा बोलला, बंद गिरणीतली माणसं रडली. बायको कुठेच नव्हती. हात असा सफाईदार, की तिचा श्वाससुद्धा मागे उरला नव्हता. घरचे व्हिडिओ? तेही मेल्या सवयीने छाटून त्याने फक्त लेकीचे बोबडे बोल ठेवले होते.

शेवटी एक तुकडा सापडला. खाणीतली बाई उतावळी, प्रश्न संपायच्या आधीच बोलू लागलेली, म्हणून तिथे कात्री नीट चालली नव्हती. "...मग तुम्ही", एवढंच. त्याने लेकीच्या कानाला हेडफोन लावला. तिने डोळे मिटून ऐकलं. परत लाव म्हणाली. परत लावला.

"बाबा, ही कुणीपण असू शकते."

त्याने तिच्या केसांवरून हात फिरवला आणि बाथरूममध्ये जाऊन नळ सोडला.

आता तो चित्रण झालेल्या वस्त्या पालथ्या घालतोय. सासू म्हणते, "जावईबापू, गेलेलं माणूस दारोदार मागून मिळतं का?" माणूस नाही मिळत, खरंय. आवाज मिळेल. शूटिंग दिसलं की बघे मोबाइल उगारतातच.

तेव्हा नुसतं हळहळू नका. तुमच्या गल्लीत अशी एखादी बाई जमिनीवर बसून प्रश्न विचारून गेली असेल, तर जुना मोबाइल शोधा, चार्जिंगला लावा, आणि तिचं एक अख्खं वाक्य त्या पोरीपर्यंत पोचवा.